पहिली भवानी : नाशिकच्या भांडी बाजारातील एका बाजारफेरीचा प्रकरण अभ्यास

२६ जुलै २०२३ रोजी, अधिक श्रावणातील बुधवारी, पुण्याहून आलेल्या बावीस जणांच्या गटाला मी जुन्या नाशिकच्या बाजारपेठेची पायी फेरी घडवली. फेरी ठरल्या वेळी सुरू झाली, ठरल्या वेळी संपली आणि निरोप घेताना बहुतेक पाहुण्यांनी समाधान बोलून दाखवले. तरीही त्या सकाळी भांडी बाजारातील एका दुकानाची पहिली विक्री आमच्यामुळे बुडाली, आणि गंगेवरच्या, म्हणजे गोदावरीकाठच्या, आठवडे बाजारात रानभाज्या घेऊन बसलेल्या एका मावशींनी आमच्याकडे पाठ करून आपल्या पाटीवर फडके ओढले. पाहुणे खूश आणि बाजार नाराज, असा या फेरीचा हिशेब निघाला. दोन आठवड्यांनी, ९ ऑगस्टला, त्याच अधिक महिन्यात आणि त्याच वारी मी दुसरी फेरी केली, ती पूर्णपणे वेगळ्या मांडणीची. या दोन बुधवारांत काय घडले, का घडले आणि दुसऱ्या खेपेला काय साधले व काय साधले नाही, हे येथे सविस्तर मांडले आहे.

बाजार तेथे का आहे

‘नाशिक नव टेकांवर वसविले’ असे जुने लोक सांगतात. गावठाणात पायी फिरणाऱ्याला ती म्हण गुडघ्यांनीच पटते, कारण रविवार कारंजावरून नदीकडे निघालेला जवळपास प्रत्येक रस्ता उताराचा आहे आणि पावसाचे पाणी, माणसे व माल या तिन्हींचा ओघ खाली घाटाकडे वाहत जातो. पाऊस जोरात झाला की सराफ बाजार व दहीपूल भागात पाणी शिरते, ते याच उतारामुळे आणि या वस्तीखालून नदीकडे जाणाऱ्या सरस्वती नाल्यामुळे. तेथील जुने दुकानदार पावसाळ्यात खालच्या फळीवर किमती माल ठेवत नाहीत.

सराफ बाजार, भांडी बाजार आणि कापड पेठ हे तिन्ही नदीच्या उजव्या तीरावर एकमेकांना लागून आहेत, पायी काही मिनिटांच्या अंतरात. ही जवळीक योगायोगाने आलेली नाही. रामकुंडावर स्नान, श्राद्ध किंवा अस्थिविसर्जनासाठी येणाऱ्या यात्रेकरूला ताम्हण, पळी, पंचपात्री, तांब्या लागतो. घरी नेण्यासाठी गंगेच्या पाण्याने भरलेला तांब्याचा गडू लागतो. देवाला वाहायला चांदीचे पान, डोळे, छत्र लागते. दान द्यायला वस्त्र लागते. नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतात आणि नदीवर जाण्याला ‘गंगेवर जाणे’. त्या गंगेवर येणाऱ्या माणसाच्या गरजेतून हे बाजार उभे राहिले आणि टिकले. गोदाकाठी, गणेशवाडीच्या बाजूला, दर बुधवारी आठवडे बाजार भरतो. त्यात शहराभोवतीच्या मळ्यांतील भाजी असते, तशीच पेठ, हरसूल, सुरगाणा या डोंगराळ भागांतून बायकांनी डोक्यावरून व एसटीने आणलेली रानभाजीही असते.

अधिक महिन्यात, म्हणजे लोकांच्या तोंडी असलेल्या धोंड्याच्या महिन्यात, या सगळ्याला भर येतो. लेक आणि जावई यांना घरी बोलावून पुरणाचे धोंडे जेवू घालायचे, तेहतीस अनारसे द्यायचे आणि त्याबरोबर तांब्याचे किंवा चांदीचे एखादे भांडे, दिवा, ताम्हण वाण म्हणून द्यायचे, ही चाल आजही घराघरांत पाळली जाते. साधारण तीन वर्षांनी एकदा येणारा हा महिना भांडी बाजाराच्या दृष्टीने दिवाळीच्या खालोखाल महत्त्वाचा आहे. मला हे ठाऊक होते. फेरीसाठी मी हा महिना निवडला तो याच कारणाने, की बाजार भरलेला दिसेल. भरलेल्या बाजारात बावीस माणसे कोठे उभी राहतील, हा प्रश्न मात्र मी स्वतःला विचारला नव्हता.

पहिली मांडणी

गट आणणाऱ्या सहल संस्थेने वेळापत्रक आधीच छापले होते. सकाळी नऊला न्याहारीची मिसळ, दहाला रविवार कारंजावरच्या चांदीच्या गणपतीपाशी जमणे, मग सरकारवाड्यावरून सराफ बाजार, साडेदहाला भांडी बाजारात ‘कारागिरीचे प्रात्यक्षिक’, साडेअकराला गंगेवरचा बुधवारचा बाजार आणि एक वाजता जेवण. त्यात मी एकच बदल सुचवला होता, तो कापड पेठेतील बालाजी मंदिराच्या थांब्याचा. वेळांना मी हात लावला नाही. पाहुणे हॉटेलातून आरामात निघावेत या हिशेबाने त्या वेळा आखलेल्या होत्या आणि मलाही त्या सोयीच्या वाटल्या.

प्रात्यक्षिकाविषयी मी भांडी बाजारातील ओळखीच्या एका दुकानदारांशी फोनवर बोललो होतो. वयाने माझ्याहून बरेच मोठे असल्याने मी त्यांना काका म्हणतो. ‘या की, बघा, त्यात काय,’ एवढेच ते म्हणाले. किती माणसे येणार हे मी सांगितले नाही आणि त्यांनी विचारले नाही. दोन-चार पाहुणे असतील असे त्यांनी गृहीत धरले होते, हे नंतर कळले.

२६ जुलैची सकाळ

रिमझिम पाऊस होता. सराफ बाजारात पोहोचलो तेव्हा अर्ध्या दुकानांची शटर नुकतीच वर जात होती. सकाळच्या फुलांच्या विक्रीचा भर ओसरला होता, रस्त्यावर पाकळ्यांचा चिखल तेवढा उरला होता आणि हारवाले मोकळ्या टोपल्या एकमेकांत बसवत होते. मोगलाईत ज्या गावाला गुलशनाबाद म्हणत, त्या गावातील फुलांचा बाजार दाखवतो असे मी उत्साहाने सांगून बसलो होतो. त्या वर्षी १ एप्रिलपासून सोन्याच्या दागिन्यावर सहा अंकाक्षरांचा हॉलमार्क क्रमांक सक्तीचा झाला होता, त्याविषयी एकाने विचारले आणि मी उत्तर दिले. सराफ बाजारात याहून अधिक काही घडले नाही.

भांडी बाजारात आम्ही पावणेअकराला शिरलो. काकांच्या दुकानाचा दर्शनी भाग जेमतेम आठ-नऊ फूट रुंद आहे. दाराशी हंड्यांची उतरंड, वर दोरीला ओवलेल्या कळश्या, आत गादी आणि तराजू, आणि मागच्या बोळात छोटा कारखाना, जेथे एक वयस्कर तांबट बाबा लाकडी ओंडक्यात रोवलेल्या लोखंडी खुंट्यावर भांडे पालथे घालून हातोडीने मठारकाम करतात. आमचा गट छत्र्यांसह आत शिरला. आठ-दहा जण आत, बाकीचे दारात व पायरीवर, आणि जवळजवळ सर्वांचे मोबाइल वर. काकांनी गादीवर नुकतीच उदबत्ती लावली होती. ते मला हळू आवाजात म्हणाले, ‘अजून भवानी व्हायचीय.’ मी मान डोलावली आणि बोलायला सुरुवात केली.

भवानी म्हणजे दिवसाची पहिली विक्री. ती होईपर्यंत उधार देत नाहीत, फार घासाघीस करत नाहीत, आणि आलेले पहिले गिऱ्हाईक शक्यतो परत जाऊ देत नाहीत. पैसे हातात पडले की ते कपाळाला लावून गल्ल्यात टाकतात. मी नाशिकमध्येच वाढलो असल्याने हे मला माहीत नव्हते असे नाही. त्यांच्या त्या वाक्याचा अर्थ ‘जरा बाहेर थांबा’ असा होता, तो मी त्या क्षणी ऐकला नाही, कारण माझे लक्ष साडेअकराच्या थांब्याकडे होते.

त्याच वेळी एक वयस्कर जोडपे पायरीपाशी आले. आजोबांच्या हातात कापडी पिशवीत गुंडाळलेला जुना हंडा होता, बुडाला चीर गेलेला. नंतर काकांकडून समजले की ते निफाडकडचे, दरवर्षीचे गिऱ्हाईक; मोड देऊन त्या बदल्यात दोन जावयांसाठी दोन ताम्हणे आणि दिवे घ्यायला आले होते. तांब्या-पितळेचा बाजार वजनावर चालतो. जुन्या भांड्याची मोड तोलायची, तिचा भाव धरायचा, नव्या भांड्याच्या वजनातून ती वजा करायची आणि वर घडणावळ द्यायची, असा तो व्यवहार असतो, आणि त्यासाठी समोरासमोर बसून दहा-पंधरा मिनिटे तरी बोलावे लागते. जोडपे दोन-तीन मिनिटे पावसात उभे राहिले. आजींनी आत डोकावून पाहिले. आमच्यापैकी कोणीही सरकले नाही, कारण प्रत्येकाला वाटत होते की ते आमच्याच गटातले आहेत. मग आजोबांनी पिशवी काखेत घेतली आणि दोघे उताराने खाली निघून गेले. काकांनी ते पाहिले. मीही पाहिले.

यानंतर जे झाले ते माझ्या ज्ञानाविषयी होते. तांबट बाबांपुढे उभा राहून मी सांगत होतो की भांड्यावरचे हे गोल ठोके म्हणजे शोभेची नक्षी आहे आणि प्रत्येक कारागिराची नक्षी वेगळी असते. बाबांनी हातोडी थांबवली. त्यांनी शेजारून न मठारलेल्या तांब्याचा एक कोरा गडवा उचलला आणि माझ्या हातात देऊन अंगठ्याने दाबायला सांगितले. पत्रा किंचित आत गेला. मग मठारलेला गडवा दिला. तो जागचा हलला नाही. ‘तापवलं की तांबं मऊ पडतं, ठोकलं की धरतं,’ ते म्हणाले. ‘नक्षी मागून आली.’ धातुशास्त्रात हेच सांगतात की थंड अवस्थेत ठोकल्याने धातू कठीण होतो आणि तापवून निवू दिल्याने पुन्हा नरम होतो. बाबांनी ते एका वाक्यात आणि माझ्याच अंगठ्याने शिकवले. हा त्या सकाळचा सर्वांत मोलाचा क्षण होता आणि तो बावीसपैकी चौघा-पाचजणांनाच दिसला. मागे उभ्या असलेल्यांना छत्र्यांखेरीज काही दिसत नव्हते. एका गृहस्थांनी बाबांना ‘जरा पुन्हा ठोका, व्हिडिओ घेतो’ असे सांगितले, तेव्हा बाबांनी हातोडी खाली ठेवली, हात पुसले आणि ते चहाला निघून गेले.

गंगेवर

पुढचा प्रसंग लहान आहे, पण मला तो अधिक लागला. बुधवारच्या बाजारात करटुली, कुर्डू, टाकळा, बांबूचे कोंब असा आषाढ-श्रावणातला रानमेवा मांडून ओळीने बायका बसल्या होत्या. ही भाजी बहुधा तोलून विकत नाहीत. पळसाच्या पानावर किंवा फडक्यावर वाटे लावतात आणि वाट्याचा भाव ठरलेला असतो. गटातील एका ताईंनी करटुलीच्या वाट्यात हात घालून फळे चाळली, किलोचा भाव विचारला, वाटा तीस रुपयांना आहे हे कळल्यावर वीस रुपये देऊ केले, आणि सौदा न जमल्याने तशाच उठल्या. मागे दहा-बारा जण चित्रीकरण करत होते. मावशी म्हणाल्या, ‘घ्यायचं नसंल तर हात नका लावू, भाजी मरती.’ आणि त्यांनी पाटीवर फडके ओढले. शेजारच्या दोघींनीही पदर पुढे घेतला.

त्या ताईंना मी दोष देत नाही. बाजारात घासाघीस करायचीच असते, असे मीच आधल्या थांब्यावर सांगितले होते. ते सराफ बाजारातील घडणावळीबद्दल खरे आहे. पहाटे घर सोडून, रानात चढून खुडलेली आणि संध्याकाळपर्यंत टिकणार नाही अशी भाजी घेऊन आलेल्या बाईच्या तीस रुपयांच्या वाट्याबद्दल ते खरे नाही, हा भेद सांगणे माझे काम होते आणि ते माझ्याकडून झाले नाही.

संध्याकाळचे बोलणे

त्याच दिवशी दुकान वाढवण्याच्या सुमारास मी काकांकडे गेलो. माफी मागितली. त्यांनी चहा मागवला आणि बराच वेळ विषयच काढला नाही. मग म्हणाले, ते जोडपे परत आले नाही. इतक्या वर्षांचे गिऱ्हाईक खालच्या एखाद्या दुकानात गेले असेल, आणि एकदा गेलेले गिऱ्हाईक धोंड्याच्या महिन्यात गेले म्हणजे पुढच्या तीन वर्षांचे लग्नकार्यही तिकडेच करणार. नुकसान दोन ताम्हणांचे नव्हते, हे त्यांनी शांतपणे समजावून सांगितले. आमच्या गटाने त्या सकाळी त्यांच्याकडे एकूण एक निरांजन घेतले होते.

मी सहल संस्थेकडून भरपाई मिळवून देतो असे म्हटल्यावर त्यांनी नकार दिला. त्यांचे म्हणणे होते की पैसे घेतले तर दुकान पाहायला लावल्यासारखे होईल, आणि मग कोणी कधीही येऊन उभा राहील. ‘पाहुणे आणा, पण बाजाराच्या वेळेनं आणा,’ एवढेच त्यांनी सांगितले. मी वही काढली आणि बाजाराची वेळ म्हणजे काय ते विचारून घेतले. या तासाभराच्या बोलण्यात जे कळले, ते इतक्या वर्षांच्या फेऱ्यांत मी विचारले नव्हते. सकाळी दुकान उघडल्यापासून बारापर्यंत बाहेरगावचे गिऱ्हाईक येते, कारण त्यांना परतीची गाडी गाठायची असते; त्या वेळात दुकानात गर्दी नको. दुपारी दीड ते चार बाजार मंद असतो, कारागीर मात्र कामावर असतो आणि बोलायलाही मोकळा असतो. कल्हईची भट्टी बहुधा दुपारीच पेटते, कारण सकाळी आलेली भांडी तोवर साठलेली असतात. फुले पाहायची तर सूर्य उगवताना, भाजी पाहायची तर ती उतरताना, आणि पैसे-वजनाचा व्यवहार तर लांबूनच पाहावा.

तांबट बाबा त्या वेळी भेटले नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांच्याकडे गेलो. त्यांनी राग धरला नव्हता. ‘काम थांबवून ठोकायला सांगितलं की हात चुकतो’ इतकेच बोलले. त्यांच्या वेळेचे मानधन द्यायचे, ते दुकानदारामार्फत न देता थेट त्यांच्या हातात, फेरीच्या आधी द्यायचे, हे त्या दिवशी ठरले. रक्कम त्यांनीच सांगितली, ती त्यांच्या अर्ध्या दिवसाच्या मजुरीएवढी होती.

९ ऑगस्टची फेरी

दुसऱ्या गटात शेवटी अठरा जण होते. मी ते नऊ-नऊच्या दोन तुकड्यांत विभागले आणि दुसऱ्या तुकडीसाठी एका सहकारी मैत्रिणीला बरोबर घेतले. सहल संस्थेला खर्च वाढल्याचे आवडले नाही; बरीच चर्चा होऊन त्यांनी मान्यता दिली. फेरीचे दोन भाग केले आणि मध्ये विश्रांती ठेवली. सकाळी सहा ते साडेआठ फुले आणि गंगेवरचा बाजार, दुपारी दोन ते साडेचार भांडी बाजार, आणि सराफ बाजार फक्त येता-जाता.

सकाळी सहाला फुलांच्या टोपल्या उतरत होत्या. झेंडू ओला असला की जड भरतो, म्हणून गिऱ्हाईक तो हातात घेऊन झटकून पाहते. हे पाहुण्यांना मी सांगावे लागले नाही, समोर चालले होते. सातनंतर घाटावर गेलो तेव्हा बायका नुकत्याच पाट्या उतरवून वाटे लावत होत्या. मी आदल्या बुधवारी एकट्याने जाऊन त्याच मावशींकडून भाजी घेतली होती आणि गट आणला तर चालेल का, असे विचारले होते. त्यांचे उत्तर स्पष्ट होते. विकत घेणारे या, फोटो नको. त्यामुळे या भागात मोबाइल खिशात राहतील अशी अट मी नोंदणीच्या वेळीच घातली. प्रत्येक पाहुण्याने एकेक वाटा घ्यायचा, भाव करायचा नाही आणि भाजी कशी करायची ते विकणारीलाच विचारायचे, असे ठरले. करटुली उभी चिरून नुसत्या कांद्यावर परतायची. टाकळ्याची कोवळी पानेच घ्यायची. बांबूचे कोंब चिरून पाण्यात उकळून ते पाणी टाकायचे, नाहीतर कडू लागतात आणि बाधतातही. हे सगळे पाहुण्यांनी मावशींच्या तोंडून ऐकले. एका काकूंनी नागलीच्या भाकरीबरोबर कुर्डू कसा लागतो ते विचारले, तेव्हा मावशी पहिल्यांदा हसल्या आणि म्हणाल्या, ‘घरी या, खाऊ घालते.’

दुपारी भांडी बाजारात आधी एक तुकडी मागच्या बोळात आणि दुसरी बालाजी मंदिरात, मग अदलाबदल, असे केले. दुकानाच्या दर्शनी भागात कोणीही उभे राहिले नाही. काकांनी शेजारच्या बोळाचे दार उघडून दिले होते. कल्हईची भट्टी पेटलेली होती आणि त्या दिवशी जे दिसले ते जवळून लिहिण्यासारखे आहे. पितळी पातेले आधी आतून आंबवणीने व वाळूने घासून घेतलेले असते. ते सांडशीत धरून निखाऱ्यावर फिरवतात, इतके की आतल्या बाजूने रंग बदलतो. मग कापसाच्या बोळ्याने नवसागराची पूड फिरवतात. क्षणात पांढरा, नाकाला झोंबणारा धूर उठतो आणि त्याखालचा धातू स्वच्छ उघडा पडतो, कारण नवसागर वरचा गंज काढून टाकतो. लगेच कथलाची कांडी टेकवली की ती मेणासारखी पाघळते. कथील २३२ अंश सेल्सिअसला वितळते, पितळेला त्यासाठी नऊशे अंशांच्या आसपास तापमान लागते, म्हणून पातेल्याला काही होत नाही. वितळलेला थेंब कापसाने एका दमात सगळीकडे पसरवला की पिवळे पातेले आतून चांदीसारखे पांढरे होते. शेवटी ते पाण्यात बुडवतात, तेव्हा चर्र असा आवाज येतो. कल्हईवाल्या दादांना यास एका भांड्यामागे काही मिनिटेच लागली. ताक, चिंच, टोमॅटो यांसारखे आंबट पदार्थ उघड्या तांब्या-पितळेत कळकतात, म्हणून हा थर लागतो आणि म्हणून तो झिजला की पुन्हा द्यावा लागतो, हे त्यांनी सांगितले. मी गप्प राहिलो.

तांबट बाबांनी त्या दिवशी आपणहून दोन गडवे पुढे केले, एक कोरा आणि एक मठारलेला. आलेल्या सर्वांनी अंगठ्याने दाबून पाहिले. व्हिडिओ कोणी मागितला नाही.

हिशेब

९ ऑगस्टला पाहुण्यांनी काकांकडे सात वस्तू घेतल्या. त्यांत दोन कल्हईची पातेली आणि एक घंगाळ होते. घंगाळ घेणाऱ्या गृहस्थांना फेरी संपल्यावर पुन्हा दुकानात जाऊन निवांत बसून भाव करायला वेळ मिळाला. विक्रीचा आकडा मी यशाचे माप म्हणून देत नाही, कारण एका दिवसावरून काही ठरत नाही. मला महत्त्वाचे वाटते ते हे की त्या दिवशी सकाळच्या वेळात काकांचे दुकान आमच्यापासून मोकळे होते, आणि दुपारी मागे एक तुकडी उभी असतानाही पुढे गादीवर त्यांचे नेहमीचे व्यवहार चालू राहिले.

सगळे जमले असे मात्र नाही. दोन भागांच्या फेरीमुळे वयस्कर पाहुण्यांची दमछाक झाली; उताराने खाली जाणे सोपे, परत चढून येणे कठीण, आणि तिघांनी दुपारचा भाग सोडला. पहाटे सहाची वेळ कळल्यावर नोंदणी केलेल्यांपैकी चौघांनी आधीच नाव काढून घेतले होते. घाटावर मोबाइल नको म्हटल्याने सहल संस्थेला जाहिरातीसाठी छायाचित्रे मिळाली नाहीत आणि त्यांनी पुढील हंगामात ती अट शिथिल करण्याची विनंती केली. मी ती मान्य केली नाही, तेव्हा आमचे काम तेथेच थांबले. दुकानांकडून विक्रीवर कमिशन घेण्याची पद्धत अनेक ठिकाणी आहे आणि मलाही ते सुचवले गेले होते. ते घेतले की मार्गदर्शक पाहुण्याला चांगल्या दुकानात नेत नाही, देणाऱ्या दुकानात नेतो. त्यामुळे मी फेरीचे शुल्क वाढवणे पसंत केले, आणि त्यामुळे काही लोकांना ती परवडत नाही, हेही खरे आहे.

आणखी एक गोष्ट माझ्या हाताबाहेरची आहे. २०१४ च्या पथविक्रेता कायद्यात, जेथे विक्रेते व गिऱ्हाईक परंपरेने जमत आले आहेत अशा नैसर्गिक बाजाराला मान्यता आहे, आणि पन्नास वर्षांहून अधिक काळ चाललेल्या अशा बाजाराला वारसा बाजार म्हणून घोषित करून तेथील विक्रेत्यांना हलवू नये, अशी तरतूद कायद्याच्या परिशिष्टात आहे. गंगेवर पाटी घेऊन बसणाऱ्या ज्या दोन-तीन मावशींशी मी बोललो, त्यांना ही तरतूद माहीत नव्हती. त्यांना ठाऊक होते ते एवढेच की धरणातून पाणी सोडले, नदीपात्रातील दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या पायाला लागले, की उठायचे. आणि बंदोबस्ताची शिट्टी वाजली तरी उठायचे. २०२६-२७ च्या सिंहस्थात घाटावर गर्दी आणि बंदोबस्त दोन्ही वाढणार आहेत आणि फेऱ्याही वाढणार आहेत. कायद्यातील ते कलम मराठीत एका पानावर उतरवून मी त्यांना वाचून दाखवले. एकीने ते घडी करून कमरेच्या पिशवीत ठेवले.

ऑगस्टअखेरीस मी पुढच्या फेऱ्यांच्या तारखा घेऊन काकांकडे गेलो. त्यांनी माझ्या यादीतील दोन तारखा खोडल्या, एका जुन्या बिलाची मागची बाजू पुढे ओढली आणि स्वतःच्या हाताने लिहून दिले : धनत्रयोदशी, पाडवा, अक्षय्य तृतीया, लग्नतिथीच्या आदल्या दिवसांची सकाळ. मग कागद माझ्या हातात देत म्हणाले, ‘या दिवशी यायचं असेल तर हंडा घेऊन या. मोड तोलून देतो.’